माझी अर्धी साक्ष

मला चार माणसांत बोलता येत नाही. शाळेत गुरुजींनी उभं केलं की येणारं उत्तरही माझ्या तोंडातून बाहेर यायचं नाही. चौथीनंतर शाळा सुटली, तेव्हा मला बरंच वाटलं होतं. लिहायला मात्र मला भीती वाटत नाही. कागद मधेच तोंडाकडे बघत नाही.

हे मी कुणाला वाचून दाखवणार नाही. पण एस्तरला, माझ्या मुलीला, सांगून ठेवलं आहे. ओळखीतल्या एखाद्या बाईला टीबीच्या गोळ्यांची पेटी मिळाली आणि ती घाबरून गेली, तर तिला हे दे. मी जिवंत असताना दिलंस तरी चालेल, फक्त मी समोर नसताना दे.

माझ्या टीबीच्या त्या वर्षांत मला दोन गोष्टींची किळस आली. एक माझ्या आजाराची. ती गेली. दुसरी अजून गेलेली नाही.

हळदीचा खोकला

आमचं गाव हट्ट्याच्या पुढं, वसमत तालुक्यात. आमच्याकडे हळद शिजवतात, वाळवतात आणि मग ढोलात घालून घासून तिला पॉलिश करतात. ढोल फिरायला लागला की अशी धूळ उठते की समोरचं माणूस दिसत नाही. मी दरवर्षी त्या कामावर जायचे. हंगामात आम्ही सगळ्या बाया पिवळं शिंकरायचो, पिवळं थुंकायचो. मला खोकला लागला तेव्हा कुणी काही विचारलं नाही, मीही नाही. बेडका पिवळा पडला की मी म्हणायचे, हळद आहे.

हंगाम संपला. बेडका पिवळाच राहिला.

सासूबाई म्हणाल्या, "छातीत बसली असंल हळद. गूळ खा, सुटंल."

मी गूळ खाल्ला. संध्याकाळी अंग तापायचं, त्याला ऊन म्हटलं. ब्लाऊज ढिले झाले, त्याला काम म्हटलं. रात्री घामानं उशी भिजायची, त्यालाही काहीतरी म्हटलंच असेल. मग एक दिवस भांडी घासताना उबळ आली आणि राखेवर पडलं ते लाल होतं. हळद लाल नसते, एवढं मला कळत होतं. मी त्यावर पटकन राख लोटली आणि भांडी घासत राहिले. पण मागं एस्तर उभी होती. तिनं पाहिलं होतं.

डबी

वसमतच्या सरकारी दवाखान्यात तपासणाऱ्या माणसानं मला झाकणाची एक प्लास्टिकची डबी दिली. म्हणाला, "थुंकी नको, बेडका पाहिजे. छातीतून काढा." आजूबाजूला पुरुष उभे होते. मी डबी पदराखाली धरली आणि दवाखान्याच्या मागं, पाण्याच्या टाकीआड गेले. खूप खोकले. डबीत पडलं ते बघून मला ओकारी आली. इतके महिने ही घाण मी गिळत होते, आणि त्याच तोंडानं एस्तरचे मुके घेत होते.

डॉक्टरांनी निकाल मला सांगितला नाही, ह्यांना सांगितला. मी शेजारीच बसले होते. "टीबी आहे. घाबरू नका, बरा होतो. पण गोळ्या एकही चुकवायच्या नाहीत. बरं वाटलं तरी सोडायच्या नाहीत."

परतताना जीप गच्च भरली होती. ह्यांनी मला खिडकीशी बसवलं, आणि माझ्या आणि आपल्या मधे पिशवी ठेवली. ते वाईट नाहीत. ते घाबरले होते. पण ती पिशवी मी विसरले नाही.

घरी माझं ताट-तांब्या वेगळं झालं. सासूबाईंनी ते चुलीमागच्या कोनाड्यात ठेवलं. जिथं मांजराची वाटी असायची तिथं. एस्तर तेव्हा नववीत होती. तिनं माझं ताट उचललं आणि सगळ्यांच्या ताटांत नेऊन ठेवलं.

"आजी, शाळेत सांगितलंय. हवेतनं पसरतो, ताटातनं न्हाई."

"तुझी शाळा राहू दे शाळेत," सासूबाई म्हणाल्या. पण ताट परत हलवलं नाही.

लाल पेटी

गोळ्या गावातच मिळायच्या. अंगणवाडीच्या बाईंकडे माझ्या नावाची लाल पेटी असायची. एक दिवसाआड जायचं, त्यांच्यासमोर गोळ्या गिळायच्या आणि तोंड उघडून दाखवायचं. एवढ्या गोळ्या एकदम, की पोटात खडे भरल्यासारखं व्हायचं. जिला हे वाचायला मिळेल तिला सांगते: आधी थोडी भाकर खाऊन जा. आणि लघवी लाल-केशरी झाली तर घाबरू नको. मी घाबरले होते. दिवसभर कुणाला सांगितलं नाही. वाटलं, आता खालूनही रक्त चाललं. बाईंनी सांगितलं, ते गोळीचं असतं. हे त्यांनी आधीच सांगितलं असतं तर माझा तो दिवस वाचला असता.

आम्ही ख्रिस्ती. वसमतला आमची लहानशी मंडळी, पत्र्याचं प्रार्थनाघर. तिथले थोरले पाळक म्हातारे होते. सायकलवरून गावात यायचे, येताना पिशवीत अंडी आणायचे. दारात उभे राहून "सलाम" म्हणायचे. माझ्या उशाशी बसून हळू आवाजात प्रार्थना करायचे आणि उठताना दरवेळी एकच विचारायचे, "गोळी झाली का, लेकी?" त्यांनी कधी तोंडाला रुमाल लावला नाही. माझ्या त्या आजारपणातली माया मोजायची तर ती अंडी आणि तो प्रश्न पहिला येईल.

पुढं त्यांना फिरणं जमेना. मंडळीचं काम त्यांच्या जावयाकडे आलं. आम्ही त्यांना धाकटे पाळक म्हणायचो. ते हैदराबादकडून शिकून आले होते. "सलाम" म्हणायचे नाहीत, "प्रेज द लॉर्ड" म्हणायचे. त्यांच्या गळ्यात कायम एक कॅमेरा असायचा.

प्रार्थनाघरात कॉम्प्युटर आला, टेलिफोनची तार आली, नेट आलं. मंडळीची वेबसाईट निघाली. रविवारची उपासना कॅमेऱ्यात भरून सीडी निघायला लागल्या. केबलवाल्याला दिल्या, घरोघर वाटल्या. ज्यांच्याकडे पुस्तक वाचणारं कुणी नाही, त्यांच्याकडे सीडी प्लेयर होताच. आधी मला हे चांगलंच वाटलं. मी खोकल्यामुळं उपासनेला जाऊ शकत नव्हते. शेजारणीकडे सीडीवर गाणी ऐकायचे आणि डोळे भरून यायचे. हे लिहायलाच हवं, कारण ते खरं आहे.

नांदेडचे दिवस

मधे छातीत पाणी झालं. श्वास घेता येईना, म्हणून नांदेडला मोठ्या सरकारी दवाखान्यात ठेवलं. तिथली सकाळ झाडूच्या आणि फिनाईलच्या वासानं सुरू व्हायची. मग चहा, मग तापमान, मग डॉक्टरांची फेरी. डॉक्टर आले की आम्ही सगळ्या गप्प, गेले की सगळ्या एकमेकींना विचारणार, "काय म्हणलं गं?"

शेजारच्या खाटेवर साखरा गावची एक बाई होती, बौद्धांची. तिला सगळे गयाबाई म्हणायचे. माझी सासू, आई कुणी जवळ नसताना मला ओकारी झाली की तीच माझे केस मागं धरायची. मी लाजायचे तर म्हणायची, "लाजतीस काहून? माझं पन असंच निघतंय की. तुझं काय येगळं सोन्याचं हाय व्हय?"

तिची पेटी निळी होती, आणि तिला इंजेक्शनंही होती. मी विचारलं. तिनं सांगितलं की ती दुसऱ्यांदा आली आहे. पहिल्या वेळी दोन-तीन महिन्यांत बरं वाटलं, वजन वाढलं, म्हणून गोळ्या सोडल्या.

"बरं वाटलं, तितंच फसले बघ. त्यो गेला न्हवता. निजला होता."

एका दुपारी माझ्या पाठीत सुई घालून पाणी काढत होते. मी वाकून बसले होते, ब्लाऊज सोडलेला, पाठ उघडी. नर्सनं माझे खांदे धरले होते. मागं काहीतरी चकाकलं. मला वाटलं वीज गेली-आली. गयाबाई खाटेवरून ओरडली, "ओ साहेब! बाईमानसाचं अंग हाय ते, बंद करा!"

धाकटे पाळक दाराशी उभे होते. म्हणाले, "प्रार्थनेसाठी आहे, मावशी. बाहेरदेशातले लोक हिच्यासाठी प्रार्थना करतील. त्यांना दिसायला नको?"

मला मागं वळताही येईना. पाठीत सुई होती.

त्याच आठवड्यात गयाबाई गेली. जाताना त्रास झाला. तिची खाट धुतली आणि संध्याकाळपर्यंत दुसरी बाई आली. मी तिची गोळ्यांची वेळ झाली की तिच्या खाटेकडे बघायचे. तेव्हापासून मला गोळी कडू लागली नाही.

साक्ष

कोर्स पुरा झाला. बेडका तपासला, स्वच्छ आला. अंगणवाडीच्या बाईंनी मला साखर दिली.

धाकट्या पाळकांनी निरोप पाठवला, साक्ष द्यायची आहे. आमच्यात संकटातून निघालं की मंडळीपुढं उभं राहून सांगतात, त्याला साक्ष म्हणतात. मला ते कधी जमलं नव्हतं. पण देवाचे आभार मानायला लाजणं मला बरं वाटलं नाही. त्यांनी मला पांढरी साडी नेसून बोलावलं. मागं फुलांचा पडदा होता, समोर दिवा होता, डोळे दिपत होते.

"बोला सिस्टर, डॉक्टरांनी हात टेकले होते, असं सांगा."

"न्हाई टेकले जी," मी म्हटलं. "त्यांनी तर गोळ्या दिल्या."

"बरं, तुमच्या शब्दांत सांगा."

मी सांगितलं. दोनच वाक्यं. "मला टीबी झाला होता. प्रभूच्या कृपेनं आणि सरकारी गोळ्यांनी मी बरी झाले." घामानं भिजून घरी आले, पण हलकं वाटत होतं. आयुष्यात पहिल्यांदा मी चारचौघांत नीट बोलले होते.

ती सीडी मी शेजारणीच्या घरी पाहिली. आधी आभाळ, मग कबुतर. मग माझी उघडी पाठ, सुईसकट. मग पांढऱ्या साडीत मी. "मला टीबी झाला होता. प्रभूच्या कृपेनं मी बरी झाले." आणि लगेच गाणं. खाली अक्षरं आली, एस्तरनं वाचली: औषधाविना चमत्कार.

शेजारीण म्हणाली, "किती छान बोललीस गं. येवढं बोलता येतं व्हय तुला?"

मी उठून मोरीत गेले आणि ओकले. माझी पाठ केबलवर दिसत होती. गावातल्या पुरुषांनी पाहिली असेल. पण ओकारी पाठीची नव्हती. माझ्या तोंडून माझंच वाक्य अर्धं काढून घेतलं होतं आणि उरलेलं माझ्याच तोंडात परत घातलं होतं. दुसऱ्याचा चावलेला घास आपल्या तोंडात आल्यासारखं वाटत होतं.

ह्यांना सांगितलं. ते म्हणाले, "जाऊ दे. पाळकाशी कुठं भांडतेस?" मी थोरल्या पाळकांकडे गेले. ते अंगणात खाटेवर बसले होते. सगळं ऐकलं, चष्मा काढून पुसत राहिले.

"जावई हाय, लेकी," ते म्हणाले. "पोरीचा संसार हाय. मी काय बोलू त्याला?"

चाळीस वर्षं लोकांना पापावर प्रवचनं दिली त्यांनी. पण जावयापुढं सासरा बोलत नाही, ही रीत त्यांच्याही घरात तेवढीच पक्की होती. मी सलाम करून परत आले आणि गप्प बसले. गप्प बसणं मला येतंच.

रत्ना

रत्ना माझी धाकटी नणंद. शिरड शहापूरला दिली आहे. ब्लाऊज शिवते, तोंडानं फटकळ, पण माझ्यावर जीव. माझ्या आजारात आठवड्याला यायची, माझं धुणं धुवायची. तिलाही टीबी निघाला. घरात कुणी बोललं नाही, पण सगळ्यांना वाटलंच, वहिनीचा लागला. मलाही तेच वाटलं.

तिच्या गोळ्या सुरू झाल्या. पोळ्याला भेटले तेव्हा अंग भरत होतं. दिवाळीला आली नाही. निरोप आला, बरी आहे. मग कुणीतरी सांगितलं की परत रक्त पडतं. मी जीप धरून गेले.

रत्ना भिंतीला टेकून बसली होती. मशीनवर कापड तसंच अर्धं शिवलेलं. मी विचारलं, "गोळ्या?"

"सोडल्या की कवाच्या."

"काहून गं?"

"तू घेतल्या होत्यास व्हय?" तिनं मलाच विचारलं, हसून. "ओकाऱ्या होत्यात वैनी त्यानं. तुला परभूनं बरं केलं, मला करनार न्हाई का? धाकटे पाळक घरी आलते. सीडी दिली. म्हणले, तुमच्या घरातच साक्ष हाय."

मी म्हटलं, मी सगळ्या गोळ्या घेतल्या. एकही चुकवली नाही. तूच मला अंगणवाडीच्या बाईंकडे सोडायला यायचीस, आठव.

"त्या सुरवातीच्या. नंतर तू सोडल्या असतील."

"न्हाई सोडल्या, रत्ना."

तिनं सीडी लावली. आभाळ, कबुतर, पाठ, मी. तिनं पडद्याकडे बोट दाखवलं. "बघ. तूच बोलून राहिलीस की. तवा बोललीस ते खरं का आता बोलतीस ते? बरी झालीस अन् इसरलीस व्हय?"

मी तिच्यासमोर जिवंत बसले होते. तिच्या हाताला हात लावून सांगत होते. आणि तिचा विश्वास त्या चकतीतल्या बाईवर होता, कारण ती बाई चांगली बोलत होती, अडखळत नव्हती, तिच्यामागं गाणं होतं. मी तर बोलताना अडखळत होते.

निघताना ती म्हणाली, "ह्या रविवारी मला बोलावलंय वसमतला. बाहेरदेशची मंडळी नेटवरून माझ्यासाठी परार्थना करनार हाय. तू पन ये."

तिच्या श्वासाचा आवाज मला ओळखीचा होता. गयाबाईचा शेवटी असाच यायचा.

नेट अडकलं

त्या रविवारी उपासना दुपारी होती. आपली दुपार म्हणजे त्यांची सकाळ, म्हणून वेळ बदलली होती. लोडशेडिंग होतं, जनरेटर आणला होता, त्याचा धूर खिडकीतून आत येत होता. खोकणाऱ्या बाईला त्या धुरात सगळ्यात पुढं खुर्चीवर बसवलं होतं, कॅमेऱ्यात दिसावी म्हणून. आम्ही बाकीच्या बाया सतरंजीवर, थोरले पाळक मागं कोपऱ्यात काठी धरून बसलेले. भिंतीवर पांढरी चादर लावली होती, तिच्यावर गोऱ्या माणसांची रांग दिसत होती. ती माणसं हसत होती. मला त्यांचा राग आला नाही. त्यांना काय माहीत.

धाकटे पाळक मराठीत बोलत, मग इंग्रजीत. रत्नाचं नाव घेतलं. तिच्या डोक्यावर हात ठेवला. म्हणाले, "आज आपली बहीण औषध सोडून फक्त विश्वासावर उभी आहे."

मी कशी उठले मला माहीत नाही. एस्तरनं माझा पदर ओढला, तिला वाटलं मला बाहेर जायचं आहे.

धाकटे पाळक खूश झाले. "ही तीच सिस्टर! या, या!" त्यांनी माझ्या हातात माईक दिला.

मी म्हटलं, "मी गोळ्या खाऊन बरी झाले. प्रार्थना झाली, ती मला पाहिजे होती. पण गोळी मी एकही सोडली नाही. रत्नानं गोळ्या सोडू नयेत."

त्यांनी इंग्रजीत सांगितलं. चादरीवरची माणसं उठून उभी राहिली आणि टाळ्या वाजवायला लागली.

मला कळेना, गोळ्यांना टाळ्या कशा? तेवढ्यात मागून एस्तर ओरडली. तिला दहावीपुरतं इंग्रजी येतं. "आई, त्यांनी गोळ्याचं सांगितलंच न्हाई! डॉक्टरनं सोडून दिलं होतं म्हणाले!"

सगळी मंडळी तिच्याकडे बघायला लागली. मी परत तेच बोलले, मोठ्यानं. त्यांनी परत इंग्रजीत सांगितलं. परत टाळ्या. मग एकदम चादरीवरचं सगळं थांबलं. गोरी माणसं हात वर करून, तोंडं उघडी ठेवून तशीच राहिली.

धाकटे पाळक म्हणाले, "थांबा सिस्टर, नेट अडकलं. येऊ द्या, मग बोला."

त्यांचा आवाज गोड होता. रागाचा लवलेश नाही. मी खरं बोलले काय, खोटं बोलले काय, त्यांच्या कामाला दोन्ही चालत होतं. त्या गोड आवाजाची मला जी शिसारी आली ती डबीतल्या बेडक्याची आली नव्हती. आणि मला कळलं की मी इतका वेळ चादरीकडे तोंड करून बोलत होते. जिला सांगायचं ती माझ्या बाजूला बसली होती, आणि तिला मराठी येतं.

मी माईक सतरंजीवर ठेवला. कॅमेऱ्याकडे पाठ केली आणि रत्नापुढं खाली बसले.

"रत्ना, नांदेडला माझ्या शेजारी एक बाई होती," मी म्हटलं. गयाबाईचं सगळं सांगितलं. बरं वाटलं म्हणून सोडल्या, ते. निजला होता, ते. खाट कशी धुतली, ते.

रत्ना माझ्याकडे बघत होती. "मंग सीडीत काहून न्हाई सांगितलंस?"

"सांगितलं होतं. त्यांनी कापलं."

"कापलं म्हंजी?"

एस्तर जवळ आली. "आत्या, कापड कापतेत तसं. मधला तुकडा काढला अन् दोन टोकं जोडली."

रत्नानं पदराचा काठ बोटांनी चाचपला. मग म्हणाली, "शिवण कुटं दिसली न्हाई गं."

कोपऱ्यातून थोरले पाळक काठी टेकत उठले. जावयाकडे त्यांनी बघितलंही नाही. सरळ रत्नापाशी आले, तिच्या डोक्यावर हात ठेवला. "लेकी, गोळ्या घे. परार्थना मी करतो. दोन्ही चालतंय देवाला."

रत्नाला उबळ आली. तिनं पदर तोंडाला लावला. पदर लाल झाला. ती उठली, आणि आम्ही तिघी जनरेटरच्या बाजूनं बाहेर आलो. मागं धाकटे पाळक म्हणत होते, "हॅलो? हॅलो? आवाज येतोय का?"

उरलेलं

रत्नाला मी माझ्या घरी ठेवून घेतलं. सासूबाईंनी या वेळी ताट वेगळं केलं नाही. तिची पेटी आता निळी, आणि इंजेक्शनं. माझ्यापेक्षा लांबचा कोर्स. ती पुढं बरी झाली. पण फुप्फुसाचा एक भाग गेला तो गेला. चढावर तिला अजून मधे थांबावं लागतं.

माझ्या पाठीचा फोटो वेबसाईटवरही होता. ह्यांनी धाकट्या पाळकांना तो काढून टाका म्हणून सांगितलं. ते "हो हो, ब्रदर" म्हणाले. फोटो राहिला. आम्ही त्या उपासनेला जाणं सोडलं. थोरले पाळक असेपर्यंत त्यांच्या अंगणात जाऊन प्रार्थना करायचो. तिथं तारही नव्हती, कॅमेराही नव्हता. कुणाकडे मी रागानं सांगितलं तर लोक म्हणतात, चार लोकांना देवाचं नाव कळतं ना, मग काय बिघडलं? रत्नाला चढावर चालताना बघा, म्हणावंसं वाटतं.

तिचा कोर्स चालू असतानाची एक गोष्ट लिहून थांबते. इंजेक्शनासाठी आम्ही वसमतला गेलो होतो. एस्तर म्हणाली, आत्या, वेबसाईटवर तुझाही फोटो टाकलाय त्यांनी. रत्नाला बघायचंच होतं. नेट कॅफेत गेलो. पोरानं खुर्ची दिली, तर रत्ना बसेना.

"बसाया येतंय कुटं? कुल्ल्याची चाळण झाली सुयांनी," ती मोठ्यानं म्हणाली. कॅफेतली सगळी पोरं वळून बघायला लागली. मला जमीन दुभंगावी असं झालं.

चित्र हळूहळू वरून खाली उघडलं. आधी माझी पाठ. मी तोंड फिरवलं. त्याच्याखाली रत्ना, त्या रविवारची, खुर्चीवर, डोक्यावर कुणाचा तरी हात. एस्तरनं वाचलं. लिहिलं होतं, त्याच दिवशी पूर्ण बरी झाली.

रत्ना वाकून स्वतःकडे बघत राहिली. खोकला आला तो तिनं रुमालात घेतला, मी शिकवलं तसं.

"ही बरी झाली म्हणं," ती म्हणाली.

"व्हय."

"मंग मला काहून ताप येऊन राहिला?" तिनं पदर खोचला आणि माझा हात धरला. "चल वैनी. दवाखाना बंद व्हईल. हिला बसू दे इथंच, बरी होऊन. आपुन सुई घेऊन येऊ."